न आलेल्या बसची बातमी

माझा जन्म औशाचा, संसार लातूरचा आणि पेपर नांदेडचा. तुमचं निम्मं आयुष्य एसटीत गेलं आणि उरलेलं फोनवर, असं बायको म्हणते. औशात वडिलांचं किराणा दुकान होतं. मी नांदेडच्या दैनिकाचा संपादक झालो तेव्हा अंक त्यांना रोज जायचा, आणि वाचून झाला की ते त्याच्या पुड्या बांधायचे. "अग्रलेखाचं पान पुडीला लई बेस," ते म्हणायचे, "फोटो नसतेत. शेंगदाण्याला शाई लागत न्हाई." माझ्या लेखनाचं इतकं स्वच्छ परीक्षण पुढे कोणी केलं नाही.

पंचवीस वर्षं त्या खुर्चीत काढल्यावर एका पक्षानं मला विधिमंडळाच्या वरच्या सभागृहात पाठवलं. हा माणूस बाहेर बसून लिहीत राहण्यापेक्षा आत येऊन हात वर करत बसलेला बरा, असा काहीतरी विचार असावा. मीही फार आढेवेढे घेतले नाहीत. खोटं कशाला सांगू, गाडीच्या काचेवर विधिमंडळाचं स्टिकर लावताना मी ते दोनदा काढून सरळ केलं. बायको खिडकीतून बघत होती. "दळण आणायला आता तुम्ही जाणार, का तुमचे पीए?" तिनं विचारलं. त्या दिवशी दळण मीच आणलं, स्टिकरच्या गाडीतून.

खुर्ची सुटली, पण पेपरातल्या खोडी सुटल्या नाहीत. त्यातली एक सांगितली पाहिजे, कारण पुढचं सगळं तिच्यामुळे घडलं.

आमच्या अंकाची एक डाक आवृत्ती निघते. माहूर, किनवट अशा लांबच्या तालुक्यांना अंक सकाळी मिळायचा तर त्याची पानं संध्याकाळी पाचलाच बंद करावी लागतात. आता जिल्ह्यातले निम्मे कार्यक्रम सुरूच होतात पाचला. मग काय करायचं? निमंत्रणपत्रिका समोर ठेवायची आणि कार्यक्रम झाला असं धरून बातमी लिहून टाकायची. पाहुण्यांची नावं पत्रिकेत असतात, भाषणं ऐकून ऐकून पाठ असतात, आणि शेवटी 'कार्यक्रम उत्साहात संपन्न झाला' एवढं लिहिलं की झालं. एकदा उदगीरच्या एका पाहुण्यांची गाडी वाटेत बंद पडली आणि ते कार्यक्रमाला पोचलेच नाहीत. आम्ही त्यांचं अध्यक्षीय भाषण छापून मोकळे झालो होतो. मी घाबरत घाबरत फोन केला, तर गृहस्थ खूश. "लई मुद्देसूद बोललो की हो मी," म्हणाले, आणि दहा अंक जास्तीचे मागवले. असं कौतुक झाल्यावर कोण सुधारणार!

या रिवाजाला न जुमानणारे आमचे एकच वार्ताहर होते. माहूरकडच्या डोंगरातल्या एका खेड्यात ते शिवणकाम करायचे. गाव त्यांना टेलर म्हणायचं, मीही टेलरच म्हणायचो. जीपनं फाट्यावर टाकलेला पेपरचा गठ्ठा रोज सकाळी ते उचलायचे, तीन किलोमीटर सायकलवरून गावात आणायचे, घरोघर टाकायचे आणि मग दुकानात मशीनशेजारी बसून एक अंक मोठ्यानं वाचून दाखवायचे. गावात अंक जायचे बावीस, पण ऐकायला निम्मं गाव. बातमी लिहायचे ती हातानं, कागदाच्या एकाच बाजूला. मोबाइल आल्यावर ते त्या कागदाचा फोटो काढून पाठवायला लागले. प्रत्येक फोटोच्या कोपऱ्यात त्यांचा अंगठा आलेला असायचा, आणि प्रत्येक बातमी एक दिवस उशिरा.

"टेलर, ही शिळी बातमी मी कुठं लावू?" मी फोनवर ओरडायचो.

"साहेब, झाल्याबिगर कसं लिवू?"

"पत्रिका मिळाली नव्हती का?"

"मिळालती. पन पत्रिकेत सगळेच येनार म्हनून लिवलेलं असतंय."

मग मी चरफडत त्यांची बातमी निम्मी कापायचो आणि पदरची चार विशेषणं घालायचो. हे वीस वर्षं चाललं. त्यांनी कधी तक्रार केली नाही, आणि कधी ऐकलंही नाही.

मी आमदार झालो तेव्हा मोठमोठे हार घेऊन लोक आले, आणि प्रत्येक हाराच्या मागं एक अर्ज होता. टेलर आले नाहीत. त्यांचा फक्त फोटो आला, कागदाचा, अंगठ्यासकट. 'अभिनंदन. आमच्या गावात एसटी येत नाही. फाट्यापर्यंत सगळ्यांना चालावं लागतं. बघा काही होतं का.' वीस वर्षांत त्यांनी मागितलेली ही एकच गोष्ट. मी पडलो नवानवा, उत्साह दांडगा. दोन-चार कार्यालयांचे जिने चढलो, एका अधिकाऱ्याच्या मुलाच्या लग्नात जेवलो, आणि बस मंजूर करून आणली. दिवस ठरला. दुपारी चारला गावात पहिली बस येणार आणि माझ्या हस्ते हिरवा झेंडा.

त्याच दिवशी सकाळी लातुरात एका क्लासच्या गुणवंतांचा सत्कार होता. मी प्रमुख पाहुणा. पोरं एवढी हुशार निघाली की नावं संपेनात. दहाला निघायचं ते एक वाजला तरी मी स्टेजवरच. घड्याळ बघितलं आणि माझ्यातला जुना संपादक जागा झाला. झेंडा चारला, पानं बंद पाचला, डोंगरात मोबाइलच्या रेंजचा भरवसा नाही. मी टाळ्या वाजवता वाजवता मांडीवरच्या फोनवर बातमी लिहायला घेतली.

काय सुरेख लिहिली होती! 'ग्रामस्थांच्या प्रचंड जल्लोषात पहिली बस गावात दाखल झाली. हलगीच्या कडकडाटात आमदारांनी हिरवा झेंडा दाखवला.' मग वाटलं, जरा माणूस पाहिजे बातमीत. म्हणून घातलं, 'गावातील एका वयोवृद्ध आजीने चालकाला ओवाळले, तेव्हा तिच्या डोळ्यांतून आनंदाश्रू ओघळले.' ही आजी मला स्टेजवर, समोसा खाता खाता सुचली. सुरुवातीला नेहमीच्या सवयीनं 'आमच्या वार्ताहराकडून' असं लिहिलं आणि बातमी नांदेडला पाठवून दिली. माझ्या जागी आता जी संपादक आहे ती पूर्वी माझ्याच हाताखाली उपसंपादक होती. तिनं विचारलं, "सर, टेलरनी आजची बातमी आजच दिली?" मी उत्तर म्हणून हसणारा चेहरा पाठवला.

नांदेड ओलांडून थोडं पुढे गेलो, तेवढ्यात आमच्या कार्यकर्त्याचा फोन आला. रेंज मिळावी म्हणून तो कुठल्याशा टेकाडावर चढला होता आणि धापा टाकत होता.

"साहेब, लफडं झालं. बस वापस गेली."

"वापस? का?"

"फाट्यावर कमान उभारलती तुमच्या स्वागताची. लोखंडी, एक नंबर. ती ठेंगनी झाली. बस खालून जाऊन नाही राहिली."

"अरे मग काढायची ना कमान!"

"सिमेंटात बसवलीय साहेब. वरतून कापावी लागती, अन् वर तुमचा फोटो हाय. तुमचा फोटो कापायची हिंमत कोन करन? डायवर अर्धा घंटा थांबला, मंग म्हनला मला दुसरी फेरी हाय, अन् गेला."

म्हणजे गावाला बस मीच आणली होती आणि वाटेत आडवाही मीच उभा होतो. मला आधी हसू आलं आणि मग घाम फुटला. घड्याळात पाच वाजायला वीस मिनिटं कमी होती. फोन हातातच होता. नांदेडला एक फोन केला असता तर बातमी निघाली असती, तिच्या जागी कुठल्यातरी पतसंस्थेची सभा आली असती. पण मी म्हटलं, जाऊ दे, उद्या कमान काढतील, उद्या बस जाईल, एका दिवसानं काय होतं? ड्रायव्हरला गाडी वळवायला सांगितली आणि लातूरला परत आलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावात जे झालं ते मला नंतर कळलं. टेलर अंक आधी कधी वाचत नसत, सगळ्यांबरोबरच वाचत. त्या दिवशीही ते मशीनशेजारी बसून पहिल्या पानापासून वाचत आले आणि आपल्याच गावाच्या नावापाशी थांबले. समोर बसलेले सगळेजण आदल्या दिवशी फाट्यावर उन्हात उभे राहून, बस परत जाताना बघून आलेले. टेलरनी पान उलटायला हवं होतं. पण मधेच सोडून वाचायची त्यांना सवय नव्हती. त्यांनी ती बातमी पूर्ण वाचली, हलगीसकट, आजीसकट.

"कोन म्हातारी, टेलर?" कुणीतरी विचारलं.

गावात वार्ताहर एकच. ज्या माणसानं वीस वर्षं झाल्याशिवाय एक ओळ लिहिली नाही, त्याच्या नावावर मी न झालेली अख्खी मिरवणूक टाकली होती.

संपादकबाईंचा फोन आला. "सर, टेलर म्हणतात ही बातमी त्यांनी दिली नाही. दुरुस्ती छापायची आहे. तुमचाच नियम आहे, ज्यानं चूक केली त्याच्या नावानं दुरुस्ती. कोणाचं नाव घालू?"

तिला माहीत होतं. तरी तिनं विचारलं, हा तिचा मोठेपणा. मी म्हटलं, "दोन दिवस थांब. बस जाईलच, मग प्रश्नच मिटतो."

बस गेली नाही. कार्यकर्त्यांना झेंड्याचा कार्यक्रम पुन्हा, आणखी थाटात करायचा होता, त्यासाठी मंत्र्यांची तारीख पाहिजे होती. तिकडे गावात पोरंसोरं दुकानासमोरून जाताना ओरडायला लागली, "टेलर, आज काय काय न्हाई झालं ते वाचा की!" चौथ्या दिवशी जीपवाल्यानं नांदेडला कळवलं की कालचा गठ्ठा फाट्यावर तसाच पडलाय, कुणी उचलला नाही. पाचव्या दिवशी टेलरचा कागद आला. संपादकबाईंनी तो मला पाठवला. 'मला आता एजन्सी नको. वार्ताहर म्हणून दुसरा माणूस बघा. माझं वाचलेलं गाव आता ऐकत नाही.' त्या फोटोत कोपऱ्यात अंगठा होता, पण अक्षर वाकडं आलं होतं.

मला रात्री जेवण गेलं नाही. बायकोनं कागद वाचला आणि इतकंच म्हणाली, "तुम्हाला आजी काढायचीच होती तर आपल्या घरातली काढायची. दुसऱ्याच्या गावात कशाला घुसवली?"

पीए म्हणाले, साहेब, जाऊ नका, लोक आठ दिवसांत विसरतात. मी स्वतः पेपरवाला, लोक किती लवकर विसरतात हे मला त्यांच्यापेक्षा जास्त माहीत. पण टेलर विसरले नसते. सकाळी निघालो. फाट्यावर कमान तशीच उभी होती आणि तिच्यावरून मी हात जोडून स्वतःकडेच बघत होतो. आमची गाडी लहान, ती खालून सहज गेली.

दुकानात टेलर मशीनवर बसले होते. उठले नाहीत. "बसा साहेब. हातात काम हाय," म्हणाले. सुईखालून पायजमा चालला होता. आमदार आला म्हणून हळूहळू माणसं जमली. मी उभा राहिलो. सभागृहात बोलताना माझी जीभ अडखळत नाही, तिथं अडखळली.

"ती बातमी टेलरनी लिहिली नाही," मी म्हटलं. "मी लिहिली. लातुरात बसून. बस निघायच्या आधीच."

मग मागून एकानं तोच प्रश्न विचारला, "मंग ती म्हातारी कोन?"

"कोणी नाही. माझ्या डोक्यातली."

हशा पिकला. पायरीवर एक बाई बसली होती, सत्तरीच्या पुढची, हातात कापडी पिशवी. ती हसली नाही. "मीच असंन मंग," म्हणाली. "फाट्यावर मी एकलीच म्हातारी हुते. लेकीकडं जायचं हुतं, माहूरला. चालत वापस आले. पन डोळ्यात पानी-बिनी न्हवतं बाबा. ऊन लई हुतं."

मला कुठं बघावं कळेना. मी टेलरकडे बघितलं. त्यांनी मशीनचं चाक हातानं थांबवलं.

"साहेब, हे तोंडी झालं," ते म्हणाले. "तुमी गेल्यावर ह्याला काय आधार? छापून आलंय ते छापूनच खोडाया पाहिजे."

मी लगेच कागद मागितला आणि लिहून दिला. 'दैनिकाच्या अंकात अनवधानाने व काही तांत्रिक कारणांमुळे सदर वृत्त प्रसिद्ध झाले, त्याबद्दल दिलगीर आहोत.' अशा ओळी मी झोपेतही लिहू शकतो. टेलरनी चष्मा लावला, कानावरची पेन्सिल काढली आणि कागद मशीनवर पसरला.

"अनवधान कुठलं? फोनवर टाइप करून धाडली ना तुमी?" त्यांनी तो शब्द खोडला. "तांत्रिक म्हंजे काय? मशीन बिघडली व्हती का?" तोही खोडला. "आहोत? आनखी कोन हाय तुमच्यासंगं?"

वीस वर्षं मी त्यांच्या बातम्या कापल्या. आता मी त्यांच्या दुकानात, शिवायच्या कपड्यांच्या ढिगाशेजारी बसलो होतो आणि ते माझी कापत होते, आणि एकही शब्द चुकीचा कापत नव्हते. माझ्या ओळीतलं काहीच शिल्लक राहिलं नाही. मग मी नव्यानं लिहिलं. 'या गावात बस आल्याची बातमी खोटी होती. ती वार्ताहराने नाही, मी लिहिली. ओवाळणारी आजी मी मनाने घातली.' एवढं लिहून थांबलो. आणखी एक गोष्ट होती आणि ती माझ्याशिवाय कोणाला माहीत नव्हती. ती मी खाली लिहिली. 'बस परत गेल्याचे मला वेळेत कळले होते. बातमी थांबवता आली असती. मी थांबवली नाही.'

टेलरनी ते शेवटचं वाक्य दोनदा वाचलं. त्याला पेन्सिल लावली नाही. कागदाचा फोटो त्यांनीच काढला आणि त्यांनीच नांदेडला पाठवला. मग घरात चहा सांगितला.

दुरुस्ती पहिल्या पानावर आली, माझ्या नावानं. इतर पेपरांची चार दिवस चंगळ झाली. पक्षातल्या एका ज्येष्ठांनी फोन करून विचारलं, "तुम्हाला हे कोणी विचारलं होतं का?" मी म्हटलं, "हो, एका टेलरनी." त्यांना वाटलं मी थट्टा करतोय. मला त्यातलं काही लागलं नाही, कारण त्याच सकाळी संपादकबाईंचा दोन शब्दांचा निरोप आला होता, 'गठ्ठा उचलला.' मी तो बायकोला दाखवला, पीएला दाखवला, दूधवाल्यालाही दाखवला. त्याला काही कळलं नाही, पण तोही हसला.

मग मी अधिकाऱ्यांना सांगितलं, झेंडा नको, मंत्री नको, हलगी नको, नुसती बस पाठवा. कार्यकर्त्यांनी जड मनानं कमान कापली. तिच्यावरचा फ्लेक्स टेलरनी मागून घेतला आणि दुकानाच्या पुढं छत म्हणून बांधला, माझा चेहरा वरच्या बाजूला करून. गिऱ्हाइकांना आता ऊन लागत नाही. माझं राजकारणातलं हे सगळ्यात टिकाऊ काम असावं.

बस सुरू झाली तेव्हा मी गेलो नाही. मला कोणी बोलावलंही नव्हतं. ती गेली हे मला दुसऱ्या दिवशी कळलं, लातुरात, सकाळच्या चहाला. संपादकबाईंनी टेलरच्या कागदाचा फोटो पाठवला होता आणि खाली विचारलं होतं, "सर, फारच कोरडी आहे. थोडी रंगवून घेऊ का?"

नेहमीसारखी एक दिवस शिळी बातमी. बस गेली, मुक्कामाला परत आली, हे स्वतः बघून मग लिहिलेली. 'काल दुपारी गावात बस आली. झेंडा नव्हता. अकरा माणसे बसून गेली, संध्याकाळी नऊ परत आली. दोघे माहूरला राहिले. चालकाला चहा दिला. पहिले तिकीट लेकीकडे जाणाऱ्या एका म्हातारीने काढले. ती खिडकीजवळ बसली. रडली नाही.'

कोपऱ्यात अंगठा होता. मी तिला लिहिलं, "एका शब्दाला हात लावू नकोस." मग बातमी पुन्हा वाचली. पुन्हा एकदा वाचली. पुढचं दिसेना म्हणून चष्मा काढून पुसत बसलो.

बायको पोळ्या लाटायची थांबली. "अहो, सकाळी सकाळी रडायला काय झालं?"

"बस आली," मी म्हणालो.